साध्या गोलांचा धनी

कलेविषयी बोलताना आपल्या मनात नकळत एक अपेक्षा असते. कला म्हटली की ती डोळ्यांत भरली पाहिजे. गवयाने तान घेतली की मान डोलली पाहिजे, नटाने वाक्य फेकले की टाळी पडली पाहिजे, आणि लेखकाने चार ओळी लिहिल्या की त्यांतली एखादी तरी वहीत उतरवून घ्यावीशी वाटली पाहिजे. ही अपेक्षा गैर आहे असे नाही. पण तिच्यापायी एक मोठा अन्याय होत असतो. ज्याच्या कामात दाखवण्यासारखे काही नसते, जे काम झाल्यावर 'यात काय विशेष?' असे पाहणाऱ्याला वाटते, त्या कामाच्या धन्याला आपण कलावंतांच्या पंगतीत पाट मांडत नाही. त्याला फार तर 'उपयोगी माणूस' म्हणतो आणि पुढे जातो.

फुटबॉलच्या इतिहासात असा एक 'उपयोगी माणूस' होऊन गेला. गेर्ड म्युलर हे त्याचे नाव. दिवाळी अंकात कथा-कवितांच्या शेजारी एका जर्मन खेळाडूच्या कारकिर्दीचे परीक्षण पाहून काही वाचकांच्या भुवया उंचावतील, हे मी जाणून आहे. परंतु साधेपणाचे मोल कसे करावे, हा प्रश्न साहित्यात पडतो तसाच मैदानावरही पडतो. आणि मैदानावर निदान जमाखर्च मांडण्याची सोय असते.

तो जमाखर्च आधी पाहू. फुटबॉलच्या सामन्यात दीड तास बावीस माणसे धावतात आणि पुष्कळदा एकदोन गोलांवरच निकाल लागतो. दोन सामन्यांत एक गोल या हिशेबाने जो आघाडीचा खेळाडू गोल करतो, तो चांगला समजला जातो. म्युलरने पश्चिम जर्मनीकडून ६२ आंतरराष्ट्रीय सामने खेळून ६८ गोल केले. म्हणजे सामन्यामागे एकाहून अधिक! मिरोस्लाव क्लोसे याने २०१४ साली हा आकडा ओलांडला आणि तो ७१ गोलांवर थांबला, पण त्याला त्यासाठी १३७ सामने लागले. जर्मनीच्या बुंडेसलिगा या साखळी स्पर्धेत म्युलरचे ४२७ सामन्यांत ३६५ गोल आहेत. तेथवर आजपर्यंत कोणी पोचलेले नाही. १९७१-७२ च्या एकाच हंगामात त्याने त्या स्पर्धेत ४० गोल केले. हा विक्रम एकोणपन्नास वर्षे टिकला. १९७२ या वर्षभरात त्याने सर्व मिळून ८५ गोल केले. ती संख्या मागे टाकायला २०१२ साल आणि लिओनेल मेस्सी यावा लागला. दोन विश्वचषक स्पर्धांत मिळून त्याचे १४ गोल झाले, आणि हाही उच्चांक २००६ पर्यंत अबाधित होता.

एवढे वाचल्यावर कोणालाही वाटेल की हा माणूस पेले, क्रायफ, मॅराडोना यांच्या मालिकेत सहज बसत असेल. तसे घडलेले नाही. १९७० साली युरोपातील सर्वोत्कृष्ट खेळाडूचा मान त्याला मिळाला हे खरे. तथापि थोर खेळाडूंची नावे घेताना ज्या सुरात क्रायफचे नाव घेतले जाते, त्या सुरात म्युलरचे घेतले जात नाही. 'तो योग्य वेळी योग्य जागी असे' हे त्याच्याविषयीचे ठरलेले वाक्य. वाक्य खरे आहे, पण बोलणारा ते अशा रीतीने बोलतो की जणू म्युलर तेथे असणे ही दैवाची करणी होती. बसथांब्यावर उभे राहावे आणि बस यावी, तसा चेंडू त्याच्याकडे येत असे! माझे म्हणणे याच्या नेमके उलट आहे. ती जागा शोधणे हीच त्याची कला होती, आणि ती दिसत नाही याला कारण तो नसून आपली नजर आहे.

म्युलरचा जन्म ३ नोव्हेंबर १९४५ चा, म्हणजे युद्ध संपून सहा महिने होत असतानाचा. गाव बव्हेरियातले नोर्डलिंगेन. कोट्यवधी वर्षांपूर्वी उल्का आदळून झालेल्या एका विशाल खळग्यात हे गाव वसले आहे, आणि त्याभोवतीचा जुना गोल तट अजून शाबूत आहे. तेथे त्याने विणकराचे काम शिकून घेतले आणि गावच्या संघातून तो खेळू लागला. १९६४ साली म्यूनिकच्या बायर्न संघाने त्याला घेतले. आज जगभर दबदबा असलेला हा संघ त्या वेळी दुसऱ्या पायरीवर होता. वरच्या पायरीवर तो १९६५ मध्ये चढला. तेथले प्रशिक्षक झ्लाटको चायकोव्स्की यांना हा नवा पोरगा खेळाडू वाटेना. बुटका बांधा, आखूड पाय, मांड्या पैलवानाच्या! ते त्याला 'छोटा जाड्या म्युलर' म्हणत, आणि ते नाव पुढे जन्मभर त्याला चिकटले. याच जाड्याच्या गोलांवर बायर्नने चार वेळा बुंडेसलिगा आणि १९७४, ७५ व ७६ असा तीन वेळा ओळीने युरोपचा चषक जिंकला. फ्रान्झ बेकेनबाउअर हा त्या संघाचा राजा. पण म्युलर नसता तर आम्ही अजून त्या जुन्या लाकडी खोलीतच बसलो असतो, असे तो राजाच पुढे सांगत असे.

आता त्या खेळाकडे वळू. सुदैवाने त्याचे जुने चित्रण आज घरबसल्या पाहता येते. ते पाहताना पहिल्यांदा निराशाच होते. लांबून मारलेले, जाळे फाटेल असे तडाखे फारसे नाहीत. चारपाच जणांना चकवत मैदान पार करणे नाही. गोलासमोरच्या चौकोनात गर्दी असते, चेंडू कुठून तरी येतो, एक आखूड पाय हलतो, आणि गोल झालेला असतो. कधी चेंडू नडगीला लागून गेलेला, कधी म्युलर स्वतः जमिनीवर बसलेला, कधी पाठमोरा. सुंदर असे एकही चित्र भिंतीवर लावण्यासाठी मिळत नाही.

पण तेच चित्रण पुन्हा पाहावे, आणि या वेळी चेंडूकडे न पाहता म्युलरकडे पाहावे. मग वेगळीच गोष्ट दिसू लागते. चेंडू अजून दूर बगलेवर असतो तेव्हाच हा हललेला असतो. दोन पावले पुढे टाकतो, बचाव करणारा त्याच्यामागे येतो. हा थबकतो, तो पुढे निघून जातो. आणि मध्ये हातभर जागा मोकळी होते. ती जागा अर्धा क्षण टिकते, आणि चेंडू त्याच अर्ध्या क्षणी तेथे पोचतो. त्याचा तो बुटका, जड बांधा इथे कामाला येई. शरीराचा भार जमिनीजवळ असल्यामुळे तो जागच्या जागी भोवऱ्यासारखा वळू शके. उंच, देखण्या बांध्याच्या बचावपटूला तेवढ्याच वळणाला दुप्पट वेळ लागे. पाय मागे नेऊन चेंडू मारायचा तर त्यालाही वेळ लागतो. म्हणून म्युलर पाय मागे नेतच नसे. जेथे पाय असेल तेथून तो चेंडू ढकलत असे. विचार करायला लागलात की उशीर झालाच, अशा अर्थाचे त्याचे एक वाक्य प्रसिद्ध आहे.

आमच्या घराघरांतून याचा एक दाखला रोज पाहायला मिळतो. दूध तापत असते. घरातली जाणती बाई दुसऱ्या खोलीत कुणाशी बोलत असते. घड्याळाकडे तिचे लक्ष नसते, दुधाकडेही नसते. पण दूध उतू जाणार त्याच्या आदल्या क्षणी ती उठते आणि तिचा हात शेगडीच्या चावीवर पडतो. तिला विचारा, कसे कळले? तिला सांगता येणार नाही. आणि याबद्दल तिचे कौतुक झाल्याचे कोणाच्या ऐकिवात आहे काय? उतू गेलेल्या दुधाची चर्चा होते. न गेलेल्या दुधाची होत नाही. म्युलरची विद्या या जातीची होती. ती वर्षानुवर्षांच्या सवयीतून अंगात मुरलेली असते, आणि मुरल्यामुळेच दिसेनाशी होते.

तरी केवळ उष्ट्यावर जगणारा असा हा खेळाडू होता, असे जे म्हटले जाते तेही अपुरे आहे. बेकेनबाउअर आणि म्युलर यांची देवाणघेवाण पाहावी. बेकेनबाउअर चेंडू घेऊन पुढे येई, म्युलरकडे देई आणि धावत राही. म्युलर गोलाकडे पाठ करून उभा असे, आणि भिंतीवर आपटून यावा तसा तो चेंडू एका स्पर्शात त्याच्या वाटेत परत ठेवी. हे करणाऱ्याला सहकाऱ्याची चाल न पाहता कळावी लागते. बेकेनबाउअरच्या त्या दिमाखदार धावांना जी वाहवा मिळाली, तिच्यातला काही वाटा त्या पाठमोऱ्या भिंतीचाही आहे.

आपल्या संस्कृत साहित्यशास्त्रात या प्रश्नावर शेकडो वर्षे खल झाला आहे. वस्तू जशी आहे तशी सांगणे, म्हणजे स्वभावोक्ती, हा अलंकार मानावा की नाही? भामहाचा ओढा वक्रोक्तीकडे; सरळ सांगणे म्हणजे नुसती बातमी, काव्य नव्हे, असा त्याचा रोख. दंडीने मात्र स्वभावोक्तीला अलंकारांत पहिले स्थान दिले. पुढे कुंतकाने पुन्हा हरकत घेतली: वस्तूचा स्वभाव हे तर काव्याचे शरीर, मग शरीरच दागिना कसे होईल? मराठी शिकवणाऱ्या कोणालाही हा वाद वर्गात भेटतो. निबंधात 'सुवर्णरश्मींची उधळण' करणाऱ्या मुलाला आपण अधिक गुण देतो, आणि 'सूर्य उगवला, आई विहिरीवर गेली' असे लिहिणाऱ्याला देत नाही. मग दुसऱ्याच्या वाक्यात आई दिसते आणि पहिल्याच्या वाक्यात काहीच दिसत नाही, तरीही! क्रायफ हा वक्रोक्तीचा महाकवी. त्याची थोरवी निर्विवाद आहे. पण म्युलरचा गोल ही शुद्ध स्वभावोक्ती आहे, आणि तिच्या बाजूने दंडीची साक्ष काढता येते.

या दोघांची गाठ ७ जुलै १९७४ रोजी पडली. स्थळ म्यूनिक, प्रसंग विश्वचषकाचा अंतिम सामना. हॉलंडचा संघ त्या उन्हाळ्यात साऱ्या जगाच्या कौतुकाचा विषय झाला होता. कोणत्याही खेळाडूने कोणतीही जागा घ्यावी, सर्वांनी मिळून चढाई करावी, सर्वांनी मिळून बचाव करावा, अशी त्यांची नवी रीत. सामना सुरू झाला आणि जर्मन खेळाडूचा पाय चेंडूला लागण्याआधीच क्रायफने मुसंडी मारली, त्याला पाडले गेले, आणि दुसऱ्याच मिनिटाला हॉलंडने पेनल्टीवर गोल केला. पुढे जर्मनीनेही पेनल्टीवर बरोबरी साधली. मग आले ४३ वे मिनिट. उजव्या बगलेवरून राइनर बोनहोफ मुसंडी मारून पुढे गेला आणि त्याने चेंडू गोलासमोर आत ढकलला. म्युलर पुढे धावला होता. चेंडू त्याच्या पायाला लागून मागे राहिला. दुसरा कोणी असता तर 'हुकले' म्हणून कपाळावर हात मारला असता. म्युलर मागे सरला, कंबरेतून वळला आणि त्याने उजव्या पायाने चेंडू जमिनीलगत सोडला. जोर असा फारसा नव्हताच. डच बचावपटूच्या पायाशेजारून तो गोलाच्या कोपऱ्यात गेला, आणि गोलरक्षक जागीच खिळून राहिला. जर्मनी २, हॉलंड १. तोच शेवटचा निकाल.

या गोलाची निंदा करणारे आजही भेटतात. सौंदर्य हरले आणि उपयुक्तता जिंकली, असे ते म्हणतात. मला हे मान्य नाही. आपलाच स्पर्श फसल्यावर त्या फसण्यातून निमिषार्धात नवी चाल काढणे, बचावपटूचा तोल जेथे जाणार तेथे चेंडू पाठवणे, आणि हे सगळे दोन पावलांच्या जागेत करणे, यालाही सौंदर्यच म्हणतात. फक्त ते लहान अक्षरात लिहिलेले आहे. चार वर्षांपूर्वी मेक्सिकोतही त्याने हेच केले होते. बल्गेरिया आणि पेरू यांच्याविरुद्ध लागोपाठ तीन-तीन गोल. इंग्लंडविरुद्ध दोन गोलांची पिछाडी भरून निघाल्यावर जादा वेळेतला विजयी गोल. आणि इटलीविरुद्धच्या त्या गाजलेल्या ४-३ च्या पराभवात दोन. एका स्पर्धेत १० गोल!

मात्र परीक्षणात उणी बाजू दडवून ठेवणे योग्य नव्हे. म्युलरची कला अरुंद होती. गोलासमोरच्या चौकोनातून त्याला बाहेर काढा, आणि तो एक साधा, कष्टाळू खेळाडू उरे. सामन्याला आकार देणे, सहकाऱ्यांना दिशा दाखवणे हे त्याचे काम नव्हते. चेंडू तेथवर आणणारे हात, किंबहुना पाय, दुसऱ्यांचे असत. मागे बेकेनबाउअर नसता तर हिशेबाच्या वहीत एवढी जमा झाली नसती, हे उघड आहे. क्रायफने पुढे प्रशिक्षक होऊन खेळाकडे पाहण्याची रीतच बदलली. म्युलरच्या मागे संप्रदाय असा राहिला नाही. जी विद्या शब्दांत सांगता येत नाही तिची शाळा कशी निघणार?

आणि या अरुंदपणाची किंमत त्याने मैदानाबाहेर मोजली. विश्वविजयाच्या त्याच दिवशी तो राष्ट्रीय संघातून निवृत्त झाला. वय अवघे २८. विजयाच्या मेजवानीला खेळाडूंच्या पत्नींना बोलावले नव्हते, यावरून तेथे झालेली वादावादी प्रसिद्ध आहे; घरच्यांपासून दूर राहण्याचा कंटाळाही त्याला होताच. पाच वर्षांनी, फेब्रुवारी १९७९ मध्ये, प्रशिक्षकाने सामना चालू असताना त्याला बाहेर बोलावून बदली खेळाडू आत धाडला, आणि त्यानंतर लवकरच पंधरा वर्षांचा बायर्नचा ऋणानुबंध तुटला. तो अमेरिकेत फ्लोरिडाला गेला, फोर्ट लॉडरडेलच्या संघातून १९८१ पर्यंत खेळला. तेथे उपाहारगृह काढून पाहिले. खेळ सुटल्यावर हाती काही उरले नाही. मायदेशी परतल्यावर दारूने त्याला पुरते घेरले.

ज्याला जागा अचूक ओळखता येई त्याला स्वतःची जागा सापडेना, असे लिहिण्याचा मोह मला होतो. पण त्या वाक्यात म्युलरपेक्षा लेखकच अधिक दिसेल. सरळ सांगायचे तर त्याला एक काम उत्तम येत होते, ते काम वयाने काढून घेतले, आणि दुसरे काम कोणी शिकवले नव्हते. असे पुष्कळांचे होते. गिरणी बंद पडल्यावर मुंबईत ते हजारोंचे झाले. म्युलरच्या नशिबाने त्याला जुने सोबती होते. १९९१ साली उली होएनेस आणि बेकेनबाउअर यांनी त्याला उपचारांसाठी राजी केले, आणि तो बरा होऊन आल्यावर बायर्नने त्याला तरुण खेळाडूंच्या शिक्षणाचे काम दिले. नुसती रक्कम देऊन त्यांनी आपले ऋण फेडले नाही. त्याला त्याच्या मैदानावर परत आणून उभे केले, ही गोष्ट मला त्या सर्व चषकांहून मोठी वाटते. दुसऱ्या संघाचा साहाय्यक प्रशिक्षक म्हणून त्याने अनेक वर्षे काढली. त्याच्या हाताखालून गेलेले फिलिप लाम, बास्टियान श्वाइनश्टायगर आणि थोमास म्युलर हे तिघेही २०१४ साली विश्वचषक जिंकणाऱ्या जर्मन संघात होते. संप्रदाय राहिला नाही असे मी वर म्हटले, ते या तिघांपुरते थोडे सैल करून वाचावे. विशेषतः नात्याने कोणी नसलेल्या त्या तिसऱ्या म्युलरच्या खेळात, तो रिकाम्या जागेत अचानक उगवतो तेव्हा, जुन्या म्युलरची आठवण झाल्यावाचून राहत नाही.

२०१५ च्या ऑक्टोबरमध्ये बायर्नने जाहीर केले की म्युलरला स्मृतिभ्रंशाच्या व्याधीने गाठले आहे. २०२१ च्या मे महिन्यात पोलंडचा रॉबर्ट लेवांडोव्स्की एका हंगामातल्या ४० गोलांपर्यंत पोचला, तेव्हा त्याने अंगातला सदरा वर केला. आत म्युलरचे चित्र होते. पुढच्या आठवड्यात, हंगामाच्या शेवटच्या सामन्याच्या अगदी शेवटी, त्याने ४१ वा गोल केला. विक्रम मोडला गेला तेव्हा त्याचा जुना धनी हयात होता, पण ते कळण्याच्या पलीकडे गेला होता. १५ ऑगस्ट २०२१ रोजी, पंचाहत्तराव्या वर्षी तो वारला. नोर्डलिंगेनच्या ज्या मैदानावर तो पोरवयात खेळला, त्याला २००८ पासून त्याचेच नाव आहे.

विक्रम हे मोडण्यासाठीच असतात, आणि म्युलरचे बहुतेक मोडले आहेत. म्हणून त्याची थोरवी आकड्यांवर टांगून ठेवणे धोक्याचे आहे. उद्या ते ३६५ ही कोणी ओलांडील. टिकणार आहे ती त्याची रीत: गरजेपेक्षा एकही पाऊल जास्त टाकायचे नाही, आणि गरजेचे पाऊल इतरांच्या आधी टाकायचे. ही रीत ज्याला कला वाटत नाही त्याच्याशी मला भांडायचे नाही. सुटीत सवड मिळाली, तर त्याने १९७४ चा तो गोल एकदा पाहावा. मात्र बोनहोफ बगलेवरून निघाल्यापासून चेंडूवरची नजर काढून म्युलरवर ठेवावी, आणि चेंडू येण्यापूर्वीच्या दोनतीन क्षणांत तो काय करतो तेवढेच पाहावे.